विहिरीची जिवाणी

पाणी घेतलंत ना? नीलमने दिलं असेल, माझ्या धाकट्या जावेने. वहिनी, तुमचा ग्लास तसाच दिसतोय. राहू द्या, सावकाश घ्या. भाऊंनी मात्र एका दमात संपवला. उन्हातून आलात ना. लाइट काही आता जेवणं होईपर्यंत येत नाही, म्हणून हा कंदील मध्ये ठेवते. एकमेकांची तोंडं तरी दिसतील.

भाऊंचं लक्ष मघापासून दोरीवरच्या त्या पांढऱ्या फडक्याकडे आहे. ते आमचं गाळणं. अशी दोन आहेत, एक वाळत असतं तेव्हा दुसरं नळाला बांधलेलं असतं. भिंतीवर पाणी शुद्ध करायचं मशीन लावलंय आणि तरी ही माणसं चिंधीतून पाणी गाळतात, असं वाटलं असेल तुम्हाला. वाटू द्या. मलाही वाटायचं. आता नव्याने शेजारी आलात, याच नळाचं पाणी पिणार, म्हणून सांगून ठेवते.

माझं माहेर पुण्याचं. माहेरी आम्ही नावाचे जैन, कांदा-लसूण उघड उघड खायचो. लग्न होऊन नारायणगावात आले आणि मोहनबाईंच्या हाताखाली सापडले. माझ्या सासूबाई. सगळे त्यांना बाईच म्हणायचे. सूर्य मावळला की तोंडात पाण्याचा थेंब नाही. गव्हात किडा निघाला तर तो बोटावर घेऊन अंगणातल्या कुंडीत नेऊन ठेवायच्या, आणि सबंध वेळ त्याच्याशी बोलत जायच्या. मी हसायचे. पण खरं सांगते, या घरात मला कोणी जीव लावला असेल तर तो त्यांनीच.

पाण्याचं तर त्यांचं शास्त्रच होतं. पाणी दुहेरी फडक्यातून गाळलं की फडक्यावर जे उरतं त्याला जिवाणी म्हणतात. डोळ्यांना न दिसणारे बारीक जीव असतात त्यात. ती मोरीत टाकायची नाही. फडकं उलटं धरून वरून गाळलेलं पाणी ओतायचं, ते बादलीत घ्यायचं आणि जिथलं पाणी आहे तिथेच नेऊन सोडायचं. आडाचं आडात, नदीचं नदीत. वरून ओतलं तर जीव आपटून मरतात, म्हणून बाईंच्या छोट्या पितळी बादलीला बुडाला एक कडी होती. जिवाणी सोडताना दोर त्या कडीला बांधायचा आणि वरच्या दांडीत नुसता अडकवायचा. बादली पाण्याला टेकली की दोराला हिसका द्यायचा, मग ती पाण्यातच अलगद उलटी व्हायची.

"जिथला जीव, तिथंच," असं म्हणायच्या. मी एकदा खोडी काढली, "बाई, आपल्या नळाला धरणाचं पाणी येतं, मग जिवाणी सोडायला रोज धरणावर जायचं का?" त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "जाता आलं असतं तर गेले असते."

आणि एकदा गेलो. त्याचीच ही गोष्ट.

माझे सासरे पन्नालालजी वारले, त्यानंतर बाई घराबाहेर पडेनात. पारस, माझा नवरा, आईसाठी झुरायचा. त्याला आळेफाट्यावर एक पाटी दिसली. वरच्या धरणाच्या फुगवट्यात होडीतून सहल, पाण्यातलं जंगल दाखवणार, पक्षी दाखवणार, संध्याकाळच्या आत परत. धरण झालं तेव्हा वावळगाव नावाचं गाव पाण्याखाली गेलं, त्याच्या भोवतीचं बाभळीचं न् करंजाचं रान तसंच पाण्यात उभं राहिलं. त्या वेळी असल्या सहलींचं नवं खूळ निघालं होतं. बाईंनी एकच विचारलं, "तिथं मासे धरतात का?"

पारसने फोन लावला. होडीवाला म्हणाला, "न्हाई शेठ, त्या झाडीत कुनीच जाळं टाकत न्हाई." बाई खूश झाल्या. कोणीच का टाकत नाही, हे विचारायचं कुणाला सुचलं नाही.

मे महिना होता. सकाळीच जीप करून गेलो. काठावर एक झोपडी, तिथे सरूबाई नावाची बाई सहलीच्या लोकांना पिठलं-भाकरी करून घालायची. होडीवाला यमाजी, उतरत्या वयाचा धनगर, डोक्याला लालभडक पटका, पायात जाड चामडी वहाणा. त्यांच्यात पूर्वी मेंढरं होती, वावळगाव बुडालं तसा वाडा मोडला आणि हा होडीवर आला. बोलायला गोड होता. पण सरूबाई त्याच्याकडे पाठ करून बसली होती.

बाईंनी तिला विचारलं, "नातं काय तुमचं?"

"माज्या भनीचा नवरा," ती म्हणाली. "गजरा माजी भन. गाव उठलं तवा कुना डायवरचा हात धरून पळाली, आसं ह्ये सांगत्यात. पर गजरा तशी न्हवती, माय. जाताना मला सांगितल्याबिगार घराचा उंबरा वलांडायची न्हाई ती." मग चुलीत फुंकर घालत म्हणाली, "जावा तुमी. ऊन व्हईल."

होडी फायबरची होती, अरुंद, एकामागे एक बसायची. पुढे पारस, मग मी, मग बाई त्यांची कळशी, लोटा, डबा, गाळणं आणि पितळी बादली घेऊन. मागे यमाजी उभा, हातात लांब वासा. वल्ह्यापेक्षा तो वाशानेच तळाला रेटा देऊन होडी पुढे न्यायचा.

सुरुवातीला फार छान वाटलं, खोटं कशाला बोलू. बगळे होते, पाणकावळे होते, वाळलेल्या बाभळींवर पंख उघडून ओळीने बसलेले. बाई लहान मुलीसारख्या बोट दाखवत होत्या. यमाजी एकेक सांगत होता, "ह्यो आमचा वाडा व्हता. हितं शाळा व्हती. हितनं बैलगाडीची वाट जायाची." आम्ही एका गावावरून चाललो होतो आणि खाली बघितलं तर नुसतं हिरवं पाणी.

मग झाडी दाट झाली. खोडं काळी पडलेली, साली सोललेल्या, आणि पाण्याच्या वर काट्यांचं छप्पर. वारा थांबला. वाशाचा पाण्यात शिरायचा आवाज तेवढा येत होता. आणि एक वास यायला लागला. कुजक्या लाकडाचा नव्हे. पावसात भिजलेली घोंगडी कोपऱ्यात तशीच पडली तर येतो ना, तसा.

तेवढ्यात होडी पाण्यातल्या बुंध्यावर आदळली. आम्ही सावरलो, पण बाईंची कळशी कलंडली आणि घरून उकळून आणलेलं पाणी सांडून गेलं. आमच्याकडे बाटलीबंद पाणी होतं, ते त्या शिवेनात. आदल्या दिवशी त्यांचा उपास होता. ऊन डोक्यावर आलं तशा त्या पांढऱ्या पडल्या, बोलेनात. पारस घाबरला.

समोर झाडीत एक दगडी कडं दिसलं. वीतभर पाण्याच्या वर आलेलं, गोल, बांधीव विहिरीचा कठडा. पाणी उतरलं होतं म्हणून उघडा पडला होता. आणि उतरल्या पाण्यात होडीला जायला त्याच्या कडेचीच एक वाट होती.

"विहीर आहे," बाई म्हणाल्या. "इथलं घेते गाळून."

यमाजीचा वासा थांबला. "त्या हिरीचं नगं, शेठानी. घान हाय."

"गाळूनच घेणार ना."

"फुडं चांगलं पानी हाय. ऐका माजं."

"पुढे म्हणजे कुठे?" पारस चिडला. "आई पडेल तोवर. थांबवा होडी."

होडी कठड्याला लागली. बाईंनी दोर बादलीच्या दांडीला बांधला आणि वर शेवाळ होतं म्हणून ती खोल जाऊ दिली. दोर सरसर गेला. पाणी वर आलं ते भर उन्हाळ्यात हाताला झोंबेल इतकं गार. त्यांनी लोट्यावर दुहेरी फडकं धरलं आणि ओतलं. पाणी खाली गेलं आणि फडक्यावर काळे, कुरळे, बारीक धागे राहिले. पुंजकाच.

"लोकर आहे," पारस म्हणाला. "काय हो, मेंढ्या धुतात का इथे?"

यमाजीच्या तोंडावरचं पाणीच पळालं होतं. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते मी नंतर म्हटलं. तेव्हा मला वाटलं, उन्हाने झालं असेल.

बाई अर्धा लोटा प्यायल्या आणि शहारल्या. "काय गार आहे गं हर्षा," म्हणाल्या आणि पदर अंगाभोवती घट्ट घेतला. मग फडकं उलटं करायला लागल्या, तोच यमाजीने जोराचा रेटा दिला. होडी विहिरीपासून पाच-सहा हात लांब आली.

"अहो, थांबा," बाई म्हणाल्या. "जिवाणी राहिली."

"काय राह्यली?"

मी त्याला समजावून सांगितलं. विहिरीचे जीव विहिरीतच सोडायचे, हा त्यांचा नेम आहे, एका मिनिटाचं काम. त्याने ऐकलं आणि हसल्यासारखं केलं. "आवो, हीर काय न् तळं काय, समदं पानी येकच की आता. द्या हिकडं."

आणि बाईंच्या हातातलं फडकं ओढून त्याने ते होडीबाहेर, उघड्या पाण्यात झटकलं.

बाईंचे डोळे भरून आले. मला त्या माणसाचा असा राग आला म्हणून सांगू. त्याने फडकं माझ्या अंगावर फेकलं, ओलं, त्याला अजून थोडी लोकर चिकटलेली. मी ते मांडीवर धरून बसले.

मग मला दिसलं, झाडांवरच्या पाणकावळ्यांनी पंख मिटून घेतले होते. सगळ्यांनी.

होडीखाली काहीतरी घासलं. पाण्यावर काळे धागे दिसायला लागले. त्याने झटकले होते चिमूटभर, आणि आता ते होडीच्या दोन्ही बाजूंना, खोडांना गुंडाळलेले, वाशाला चिकटलेले, लांबवर पसरत चाललेले. यमाजी वासा उचलायला गेला, तो उचलेना. खालून कोणी धरल्यासारखा.

"अवं..." बाई म्हणाल्या.

मी वळून बघितलं. बाई थरथरत होत्या आणि यमाजीकडे तोंड करून बसल्या होत्या. पण आवाज त्यांचा नव्हता. तरण्या बाईचा होता.

"अवं धनी... घोंगडीतनं काडा की मला. लई गार लागतंय... गुदमरतंय..."

पारस म्हणाला, "आई?"

"कुराड ठिवा खाली, धनी... म्या काय केलंय... सरूला तरी सांगून यिऊ द्या..."

यमाजीने ओरडून वासा उपटला आणि फिरवला. तो बाईंच्या कानशिलावर बसला. आवाज अजून माझ्या कानात आहे. पारस उठून मध्ये पडला तर दुसरा घाव त्याच्या खांद्यावर आला, हाड मोडल्याचं मला स्पष्ट ऐकू आलं. तो होडीच्या तळाला कोसळला. बाईंचा अर्धा चेहरा रक्ताने भरला होता, पांढरं पातळ लाल झालं होतं, आणि तरी त्या उठल्या. गुडघे धरून जिना चढणारी बाई ती. एका झेपेत त्यांनी यमाजीचा गळा धरला आणि त्याला होडीच्या टोकावर उताणा पाडला.

किडा बोटावर घेऊन कुंडीत सोडणारे हात हो ते. त्या हातांची नखं त्याच्या गळ्यात रुतली होती, रक्ताच्या धारा लागल्या होत्या. तो पाय झाडत होता, डोळे बाहेर आले होते. मी मागून बाईंची कंबर धरून ओढलं. दगडाला ओढावं तसं. "बाई, सोडा," मी रडत म्हटलं, "बाई, हिंसा होतेय तुमच्या हातून... बाई..." मला त्या वेळी तो माणूस मेला तरी चालणार होता, स्पष्ट सांगते. पण त्यांच्या हातून नको होतं. जन्मभराचं सगळं पाण्यात गेलं असतं, आणि शुद्धीवर आल्यावर ती बाई जगली नसती.

होडी चालत होती. वासा पाण्यात पडला होता, कोणी रेटत नव्हतं, आणि होडी मागे मागे त्या विहिरीकडे चालली होती. कठड्याला लागून थांबली.

मग मला सुचलं. कसं ते विचारू नका. देवाधर्माची माझी अक्कल तुम्हाला सांगितलीच आहे. मांडीवरचं फडकं उलटं केलं. लोट्यात बाईंचं उरलेलं गाळलेलं पाणी होतं, ते वरून ओतलं. उरलीसुरली लोकर बादलीत उतरली. दोर बुडाच्या कडीला बांधला आणि बादली कठड्याच्या आत सोडली, हळू, बाई सोडायच्या तशी. ती पाण्याला टेकली. आता हिसका द्यायचा...

मी दिलाच नाही. हिसका खालून आला.

बाईंचे हात सुटले. त्या माझ्या अंगावर कलंडल्या आणि आपल्या नेहमीच्या आवाजात, अगदी क्षीण, म्हणाल्या, "हर्षा, जिवाणी सोडलीस का नीट?"

"सोडली, बाई."

इथेच संपायला हवं होतं. दोर सोडून आम्ही निघालो असतो. पण यमाजी उठला. गळ्यातून शिट्टीसारखा श्वास येत होता त्याच्या. त्याने होडीच्या फळीखालून कुऱ्हाड काढली. मला वाटलं आमच्यावर येतोय, मी बाईंना पोटाशी धरलं. तो आमच्याकडे बघतसुद्धा नव्हता. तो त्या दोराकडे बघत होता. दोर ताठ झाला होता आणि थरथरत होता. कोणी तो धरून वर चढत असावं तसा.

"वर यिऊ नगंस..." तो म्हणाला. "हितंच ऱ्हा... हितंच ऱ्हा म्हनलं तुला..."

तो कठड्यावर ओणवा झाला आणि विहिरीतल्या पाण्यावर घाव घालायला लागला. पाणी उडत होतं, कुऱ्हाड दगडावर खणाणत होती, तरी थांबेना. मग एकदा कुऱ्हाड वर आलीच नाही. दोराचा वेढा त्याच्या मनगटाला बसला होता. तो कमरेपर्यंत आत ओढला गेला. पाय होडीत, डोकं विहिरीत. आतून डोकं दगडावर आपटल्याचा आवाज आला. पुन्हा आला. वरवंट्याने नारळ फोडताना येतो तसा. पटका सुटला आणि लाल कापड पाण्यावर उलगडत, उलगडत गेलं, आणि त्याच्याभोवतीचं पाणीही लाल झालं.

आणि काय सांगू तुम्हाला, बाई माझ्या मिठीतून सुटून पुढे गेल्या आणि त्यांनी त्याचे पाय धरले. ज्याने त्यांचं डोकं फोडलं होतं त्याचे. "धर गं हर्षा, धर," म्हणत होत्या, "तोही जीवच आहे." मी धरला. पारसने एका हाताने धरला. आम्ही तिघांनी जीव खाऊन ओढलं. खालची ओढ आमच्यापेक्षा मोठी होती. शेवटी तो गेला, आणि बाईंच्या हातात त्याची एक वहाण राहिली.

पारसने मोडक्या खांद्याने आणि मी वल्ह्याने होडी कशी काठाला आणली ते आठवत नाही. पोलिसांत गेलो. तोल जाऊन बुडाला, अशी नोंद झाली. पाणबुडे झाडीत शिरायला तयार होईनात. बाईंच्या कपाळाला टाके पडले. पाणी प्यायल्यानंतरचं त्यांना काही आठवत नव्हतं, फक्त नखांत रक्त कसलं, हे मला रोज विचारायच्या. मी सांगितलं, तुमचंच. तेवढं खोटं बोलले आणि पुन्हा बोलेन.

पुढे दुष्काळ पडला, फुगवटा आटला, वावळगाव उघडं पडलं. टँकरला पाणी हवं म्हणून लोकांनी ती विहीर उपसली. तळाशी काळी घोंगडी निघाली, दोरीने बांधलेली, आत बाईमाणसाचा सांगाडा. कवटी मधोमध चिरलेली. हातातल्या चांदीच्या पाटल्या सरूबाईने ओळखल्या. ती आमच्या घरी आली आणि बाईंच्या गळ्यात पडून म्हणाली, "माय, माजी गजरा कुटं पळाली न्हवती." दोघी मोठमोठ्याने रडल्या. मीही रडले.

विहिरीत कुऱ्हाड सापडली. आमची पितळी बादली सापडली. यमाजी सापडला नाही. गाळ चाळला, आजूबाजूचं रान पालथं घातलं. एक हाड मिळालं नाही.

भाऊ, थंडी वाजतेय का तुम्हाला? हात चोळताय म्हणून विचारलं. एवढ्या उकाड्यात नवलच.

मग पाऊस झाला, धरण भरलं, आवर्तन सुटलं. तेच पाणी नदीला येतं, तेच आपल्या नळाला. एके दिवशी सकाळी बाईंनी नळाचं पाणी गाळलं आणि मला हाक मारली. फडक्यावर एक धागा होता. लाल. पटक्याच्या सुताचा असतो तसा. त्यानंतर आठवड्या-पंधरवड्याने एखादा येतोच. बाई तो घेऊन विचारात पडायच्या. "गजराचं ठीक होतं गं," म्हणायच्या, "ती त्या विहिरीची होती. हा कुठला? ह्याला सोडायचा कुठे?" कुठेही सोडला तर तिथे तो मोकळा होणार. टाकवेना, ठेववेना. शेवटी एका स्टीलच्या डबीत ठेवायला लागल्या. गेल्या दिवाळीआधी बाई गेल्या, जाताना ती डबी माझ्या हातात दिली. धागे मी कधी वेणीसारखे वळले नाहीत, पण आता झाकण उघडलं की वळलेले असतात.

आमचं ठीक आहे, आम्ही गाळतो. बाकीचं गाव कुठे गाळतं? मागच्या आळीतला सावळाराम शिंपी तुम्हाला माहीत नसेल. गरीब गाय होता. बायकोला अहो-जाहो करायचा. या उन्हाळ्यात एका दुपारी त्याला हुडहुडी भरली. बायकोला म्हणाला, घोंगडी दे. ती म्हणाली, आपल्याकडे कुठली घोंगडी? तशी त्याने सरपणाची कुऱ्हाड घेतली. शेजारी धावले म्हणून ती वाचली, पण उजवा हात कोपरापासून गेला. आणि हा शिंपी, उभा जन्म पेठेत काढलेला, धनगरी बोलीत ओरडत होता, "तुला बी हिरीत घालीन." आता तुरुंगात आहे. त्याला काहीच आठवत नाही म्हणे.

म्हणून सांगते, वहिनी, उद्याच बाजारातून जाड मांजरपाट आणा आणि दुहेरी करून...

काय गं नीलम?

दुसरंही धुऊन मागच्या दारी वाळत घातलंस? मग नळाला काय होतं... तसंच दिलंस? बिनगाळलेलं?

वहिनी, तो ग्लास इकडे द्या बघू. कंदिलाजवळ धरते. हं. तुमच्यात काही नाही. स्वच्छ आहे.

भाऊंचा तर रिकामाच आहे.

काय म्हणालात, भाऊ? अंगावर घ्यायला? शाल चालेल का? बघते. नीलम, आत जा आणि पारसला उठव. मोरीतली कोयती उचलून माडीवर ठेव. हळू, धावू नकोस.

वहिनी, तुम्ही जरा इकडे, माझ्या बाजूला येऊन बसता का?